पगडीचं दुसरं टोक

तेजासिंग नांदेडचा. हे आधीच सांगून टाकतो, कारण शारजात भेटेल तो त्याला पंजाबचा समजून धडाधड पंजाबी झोडायचा आणि हा गडी मराठवाडी ठसक्यात विचारायचा, "काय म्हणायलास?" हमरिया फ्री झोनमधल्या आमच्या लोखंडाच्या यार्डात तो क्रेन चालवायचा, मी स्टोअर सांभाळायचो. साल १९९८. कॅम्पातल्या खोलीत आम्ही आठ जण. सात कोकणातले आणि आठवा हा.

पहिल्याच सकाळी त्याने पाच मीटर निळं कापड माझ्यापुढे केलं. "नागेशभाऊ, जरा टोक धर."

पगडी बांधण्याआधी ते कापड ताणून त्याच्या लांबीभर सारख्या घड्या घालाव्या लागतात. त्याला पूणी म्हणतात आणि तिला दोन माणसं लागतात. नांदेडला दुसरं टोक त्याची बायको धरायची. मी हात पुढे केला. तेजासिंगने माझ्या फुगलेल्या गालाकडे पाहिलं आणि कापड मागे घेतलं. "राग मानू नको. आमच्यात तंबाखूला शिवत नाहीत. पगडीला तर तो हात चालतच नाही."

राग आलाच. तंबाखू काय मी एकटा खातो? पण बाकीचे सहाही माझ्याच पंथातले. मग आठवडाभर त्याने टोक खिडकीच्या गजाला बांधलं. समुद्राची हवा, गज गंजलेला. पगडीवर तांबडा डाग घेऊन हा भला माणूस क्रेनवर चढायचा, आणि वर हसून नमस्कार करायचा. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. शेवटी मलाच राहवेना. म्हटलं, "सोडली रे तंबाखू. आण ते टोक इकडे."

खरंच सोडली होती. पाच दिवस.

सहाव्या दिवशी नटबोल्टच्या रॅकमागे बार भरला. मग तो नेमच झाला. सकाळी साबणाने हात धुवायचे, चूळ भरायची, वेलची चघळायची, टोक धरायचं आणि ड्यूटीवर पोचलं की पुडी काढायची. खोलीत सगळ्यांना ठाऊक. दापोलीचा गनी तर मला वेलचीशेठ म्हणायचा. तेजासिंगला मात्र शंकासुद्धा आली नाही. अशी दीड वर्षं गेली.

दर शुक्रवारी एका सरदार कॉन्ट्रॅक्टरच्या व्हिलात शीख मंडळी जमायची. कीर्तन व्हायचं, मग लंगरचं जेवण. एकदा तेजासिंग म्हणाला, "चल." गरम रोट्यांच्या आशेने मी डोक्याला रुमाल बांधून गेलो. पुडी खिशात होतीच, सवयीने.

कीर्तन संपलं आणि हा उभा राहिला. "ये मेरा नागेशभाई है. मेरी पगडी के वास्ते इसने तंबाखू छोड़ दिया. डेढ़ साल हो गया. मैं गवाही देता हूँ."

साठेक माणसं कौतुकाने माझ्याकडे वळली. पाठ सांगणारे म्हातारे ज्ञानीजी सन्मानाचं केशरी कापड हातावर घेऊन माझ्याकडे निघाले. गप्प बसलो असतो तर कुणाच्या बापाला कळणार होतं? पण ते कापड जवळ येऊ लागलं. ते खांद्यावर पडण्याआधी मी उठलो.

"छोडा नहीं, जी. झूठ बोला इसको. अभी भी जेब में है."

कुणी काही बोलायच्या आत मी बाहेर पळालो आणि पुडी रस्त्यावरच्या कचऱ्याच्या डब्यात फेकली. परत आत जायची छाती होईना. थोडा वेळ घुटमळून दारापर्यंत आलो, तर तेजासिंग चपलाजोड्यांच्या ढिगात मांडी घालून बसलेला. हातात फडकं. सिमेंटने माखलेले सेफ्टी बूट एकेक करून पुसत होता.

"हे काय करतोयस?"

"साक्ष मी दिली. खोटी निघाली. मग जोड्यांची सेवा मलाच करायची. आमच्यात चूक अशीच फेडतात."

"अरे, पण खोटं मी बोललो ना?"

"ते तुझं तू बघ."

दीड वर्षात तो मला एवढंच लागेल असं बोलला. मी शेजारी बसलो आणि दुसरं फडकं उचललं. साठ माणसांची एकशेवीस पायताणं पुसली, गाळलं एकही नाही. मध्येच रडू आलं. आलं तर आलं, त्यात लपवायचं काय?

परतीच्या बसमध्ये ड्रायव्हर हमदुल्ला "यल्ला, यल्ला" करत लोकांना आत कोंबत होता. त्या गलक्यातच मी म्हटलं, "तेजासिंग, आजपासून सोडली." माझं मलाच ते खोटं वाटलं.

"बरं," तो म्हणाला.

"बरं काय? विश्वास बसला तुझा?"

"तू म्हणायलास ना? मग झालं."

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने कापडाचं टोक माझ्या हातात दिलं. हात धुतलेत का, एवढंही विचारलं नाही. आता अशा माणसापुढे काय करणार? झक मारत सोडावी लागली.