दुभंगल्या दगडापाशी

काराकोलच्या शाळेत तीस वर्षं भाषा शिकवून आसिलकान एजे, म्हणजे आमच्या आसिलकानताई, निवृत्त झाल्या आणि मी गाडी चालवतो त्या डोंगरवाटांवर पर्यटक नेणाऱ्या कंपनीत येऊन बसल्या. काम एकच. दुसऱ्यांच्या पत्रकांतली वाटांची वर्णनं घ्यायची, शब्द बदलायचे आणि आमची म्हणून छापायची. चोरी दिसता कामा नये, एवढीच आमच्या मालकाची, एरमेकची, अट. एजे 'ओढा' खोडून 'प्रवाह' लिहीत, 'अवघड' खोडून 'बिकट'. एका शब्दाला पाच शब्द त्यांच्या जिभेवर तयार.

एके सकाळी एरमेकने एक जुनं पत्रक आणून दिलं. तांबड्या खिंडीची वाट. वाचता वाचता एजे थबकल्या.

"हे जुमाशचं आहे."

जुमाश त्यांचा नवरा, वाटाड्या. अकरा वर्षांपूर्वी त्याच खिंडीकडे गेला तो परतला नाही. प्रेतही सापडलं नाही. पत्रकावर त्याचं नाव नव्हतं, पण "दुभंगल्या दगडापाशी थांबा. कानोसा घ्या. मगच घळ ओलांडा," असं तोडून तोडून बोलणारा दुसरा कोण?

"मग तर सोपंच," एरमेक हसला. "घरचाच माल. बदला पटापट."

एजेंनी बदललं. 'थांबा'चं 'विसावा घ्या' झालं, 'कानोसा घ्या'चं 'शांततेचा आनंद लुटा'. मला वाचून दाखवलं. कानाला गोड लागलं.

जुलैत बिश्केकच्या दोन बहिणींना आणायला मी खिंडीच्या पायथ्याशी गेलो. दोघी पांढऱ्याफटक. मी त्यांना कंपनीत आणलं. मग थोरली एजेंसमोर बसून बोलायला लागली.

"तुम्ही लिहिलंय तसं दगडाच्या आडोशाला टेकून बसलो होतो. घळीतून एक माणूस आला. 'उठा!' म्हणून ओरडला. 'विसावा कुणी सांगितला? मी थांबायला सांगितलं होतं!' आम्ही घाबरून पळालो, आणि मागे दरड कोसळली."

"दिसायला कसा होता?"

"जाड लोकरीच्या नमद्याची टोपी, कड फाटलेली. डावा पाय ओढत होता. आणि एजे, धो धो पाऊस होता, पण त्याचे कपडे कोरडे होते."

एजेंनी चहाचा पेला खाली ठेवला. "अकरा वर्षं वाट बघतेय मी," त्या म्हणाल्या, "आणि दिसला तो परक्यांना."

त्याच दिवशी त्यांनी जुमाशचे शब्द परत घातले. एरमेक चिडला. "अहो एजे, चोरी पकडली जाईल!"

"जाऊ दे. ज्याची चोरी केलीस त्याची बायको इथंच बसलीय."

ऑगस्टात त्या मला घेऊन वर गेल्या. भर दुपार, लख्ख ऊन. दरडीने दगडाची एक बाजू गाडली होती. एजे थांबल्या, कानोसा घेतला. मी चार पावलं मागे. बऱ्याच वेळाने त्यांनी पाऊल उचललं आणि तसंच अधांतरी धरलं.

"काय म्हणालास?"

"मी? काही नाही."

"'एवढ्यात नको' म्हणालं कुणीतरी."

घळीत एक खडा हलला नाही. वारा नव्हता. आम्ही घळ ओलांडलीच नाही. उतरताना एजे पुढे होत्या. मला वाटलं रडत असतील, पण गाडीत बसल्या तेव्हा चेहरा निवांत होता.

"आवाज बसलाय त्याचा," एवढंच म्हणाल्या. "थंडीने."

सप्टेंबरात त्यांनी विणलेला लोकरी गळपट्टा मी त्या दगडावर ठेवून आलो. पुढच्या फेरीला तो तिथे नव्हता. मेंढपाळांनी नेला असेल. एजेंनी विचारलं नाही, मीही सांगितलं नाही.