तिसरी घंटा

महापालिकेच्या नाट्यगृहाचे व्यवस्थापक म्हणाले, "सभागृह कशाला? वरची तालमीची खोली घ्या. उगाच खुर्च्या रिकाम्या राहतील."

बदलीनं कोलकात्यात आलेली आम्ही मूठभर मराठी माणसं, बहुतेक बँकेतली. बालीगंजच्या माझ्या फ्लॅटमध्ये तालमी करून वर्षाला एक नाटक बसवतो. माझं डोकंच फिरलं. "हे नाट्यगृह शहरातल्या सगळ्यांसाठी बांधलंय, तुमच्या दारातल्या दगडावरच कोरलंय तसं," मी म्हटलं. "आणि घरपट्टी घेताना महापालिकेनं मला भाषा विचारली नव्हती."

सभागृह मिळालं. पण प्रयोगाच्या दिवशी त्यांनी घंटा द्यायला नकार दिला. "एवढ्याशा लोकांना घंटा कसली? आलेत सगळे, करा सुरू."

तीन घंटा झाल्याशिवाय आमच्याकडे नाटकाचा पडदा वर जात नाही. हे त्यांना समजावत बसायची माझी मुळीच इच्छा नव्हती. विंगेत नटराजाची पूजा नुकतीच आटोपली होती. तिथली पितळी घंटा मी उचलली. पहिली घंटा बाहेर, जुन्या बंगाली नटांच्या फोटोंखाली दिली. त्यांना ती नक्की आवडली असती. दुसरी जिन्यात. तिसरी थेट व्यवस्थापकांच्या केबिनच्या दारात, चांगली खणखणीत.

ते तणतणत माझ्या मागून सभागृहात आले. दिवे मालवले होते, पडदा वर जात होता. ते काही बोलणार, तेवढ्यात मी ओठांवर बोट ठेवलं आणि शेजारची रिकामी खुर्ची दाखवली.

"तिसरी घंटा झालीय," मी म्हटलं. "बसा."