मशीन बांधावरच

पन्हाळ्याकडच्या आमच्या रानातला साग ज्यानं तोडला, त्यालाच यंदा बुडख्यांवरचे फुटवे विरळायला बोलावलं. माणूस उचगावचा. इतक्या वर्षांची ओळख, पण मला अजून 'पावणं'च म्हणतो, आणि तेही ओरडून. लाकूड कापायच्या मशीननं त्याचे कान गेलेत. टपरीवर "साखर कमी हाय की!" म्हणाला, तरी रस्त्यावरची माणसं वळून बघतात.

तोडून दोन पावसाळे झाले होते. एकेका बुडख्यावर मनगटाएवढ्या फुटव्यांची दाटी. एक जोमदार ठेवायचा, बाकीचे काढायचे, म्हणजे त्याचं पुन्हा झाड होतं. त्यानं गाडीला बांधलेलं मशीन सोडलं, बांधावर ठेवलं, वर पोतं टाकलं आणि नुसता कोयता घेऊन आत शिरला.

"अहो, मशीन घ्या की! दुपारपर्यंत उरकेल," मी त्याच्या कानाशी ओरडलो.

त्यानं घाईघाईनं माझ्या तोंडापुढं हात धरला. मग हळू, मला वाकून ऐकावं लागलं इतकं हळू म्हणाला, "नगं पावणं. ह्यांच्या मुळांनी त्यो आवाज एकदा ऐकलाय."

पुढं दिवसभर आम्ही बोललो नाही. तो ठेवायचा फुटवा धरून माझ्याकडं बघायचा, मी मान हलवायचो, मग कोयता चालायचा.

संध्याकाळी रस्त्याला लागल्यावर गाडीला किक मारून तो "येतो की, पावणं!" असं ओरडला, तशी वस्तीवरची सगळी कुत्री उठली.