ओटीतला डबा

भातकुलीहून अमरावतीला जाणाऱ्या सकाळच्या एसटीत ती रोज माझ्या पुढच्या बाकावर बसायची. नाव मी कधी विचारलं नाही. एमआयडीसीतल्या कपड्याच्या कारखान्यात ती नुकतीच शिलाईला लागली होती. अंगात कंपनीचा निळा एप्रन, आणि त्यावरून कमरेला जुन्या लुगड्याची ओटी, कापूस वेचणाऱ्या बाया बांधतात तशी. तीत कापसाऐवजी जेवणाचा डबा असायचा. सोबतच्या बाया हसल्या की म्हणायची, "कंबर रिकामी वाटते मले."

दसऱ्यानंतर एका सकाळी रस्त्याकडेची कपाशी फुटलेली दिसली. तिनं गाडी थांबवायला लावली, उतरून वावरात गेली आणि डब्यातला दहीभात एका झाडाच्या बुडाशी ठेवून हात जोडले. कापसाच्या पहिल्या वेच्याच्या दिवशी आमच्याकडे वावरातल्या सीतामायला असाच दहीभाताचा नैवेद्य ठेवून सीतादही करतात. कामाला उशीर होत होता, पण गाडीतल्या बायांनीही खिडकीतूनच हात जोडले.

ती परत चढल्यावर कंडक्टरनं विचारलं, "ताई, तुमी आता कपडे शिवता. मंग सीतादही काहून?"

"यंदा वेचाले येत नाई, हे सीतामायले सांगा लागते ना, भाऊ. नाईतं वाट पाहत राहीन बिचारी."

दुसऱ्या दिवशी तिच्या खांद्याला पर्स होती आणि डबा पर्समध्ये. ओटी पुन्हा कधी दिसली नाही.

आता वेचायला बाया मिळत नाहीत. त्या वावरातला फुटलेला कापूस कितीतरी दिवस झाडावरच लोंबत असतो. तिनं सांगूनही तिथं कोणीतरी वाट पाहतंय, असं मला खिडकीतून वाटत राहतं.