गुण्यामामांची विमानं

माझ्या मामांना सगळी गल्ली गुण्यामामा म्हणायची. गुण्या म्हणजे काटकोन तपासायचं सुताराचं हत्यार. ते कायम मामांच्या खिशात असे. कोणाकडे चहाला गेले तरी आधी टेबलाच्या कोपऱ्याला गुण्या लावणार आणि मगच कपाला हात. टेबल वाकडं निघालं तर बोलत काही नसत, पण चहा अर्धाच टाकून उठत.

हे वळण आजोबांचं. आजोबांच्या कारखान्यात खिळ्याचं नाव काढलेलं चालत नसे. लाकूड लाकडातच बसलं पाहिजे, खाच अशी की मध्ये कागद जाऊ नये. खिळा मारतो तो सुतार नव्हे, खोकी बनवणारा, असं ते गिऱ्हाइकांसमोरही बोलून दाखवत.

लढाई सुरू झाली तेव्हा मामा चाळिशीचे होते. एका पायाने अधू असल्यामुळे सैन्यात घेतलं नाही, याची त्यांना खंत होती. शहरापासून दहा मैलांवर आपल्या हवाई दलाचा तळ होता. शत्रूची विमानं त्यावर दोनदा बॉम्ब टाकून गेली, आणि दोन्ही वेळा आपली विमानं उडण्याआधीच, जागच्या जागी जळाली. त्यानंतर आठवड्याभरात एक कॅप्टन कारखान्यात आले. मामांना बाजूला घेऊन त्यांनी विचारलं, की न उडणारी विमानं बनवाल का?

बेत साधा होता. तळापासून पाच मैलांवरच्या माळावर लाकूड आणि कॅनव्हासची खोटी विमानं उभी करायची, म्हणजे वरून पाहणारा शत्रू फसेल आणि खऱ्या तळाऐवजी तिथे बॉम्ब टाकेल. मात्र याबद्दल कुठे अवाक्षर काढायचं नाही, घरीसुद्धा. कॅनव्हास शिवायला माणूस हवं होतं आणि मामी शिवणकाम करायची, म्हणून तिच्यापुरती सूट मिळाली. मला हे सगळं पुढे तिनेच सांगितलं.

पहिल्या विमानाला मामांनी तिथे माळावरच सहा दिवस लावले. एकेक सांधा तासून बसवला, पंखांना पॉलिशसुद्धा केलं. कॅप्टननी भोवती फेरी मारली, हात फिरवून पाहिला.

"मिस्त्री, सुंदर झालंय," ते म्हणाले. "पण मला अशी अठ्ठावीस हवीत, तीन आठवड्यांत. आणि ती मोडण्यासाठीच हवीत."

मामा त्या दिवशी जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी उठून त्यांनी बाजारातून पिशवीभर खिळे आणले.

सुतारकीत मुरलेल्या माणसाला वाईट काम करायला शिकणं सोपं नसतं. पहिले दोन दिवस त्यांनी खिळ्यापेक्षा स्वतःचा अंगठाच जास्त ठोकला. हळूहळू हात बसला. दिवसाला एक, मग दोन विमानं उभी राहू लागली. मामी शिलाई मारायची, सहा सैनिक रंग फासायचे.

पण घरात वेगळंच घडलं. कपडे धुवायला काढताना आजोबांना मामांच्या खिशात मूठभर खिळे सापडले. काळानिळा अंगठा त्यांनी आधीच पाहिला होता. मुलगा लढाईच्या गडबडीत सरकारच्या माथी भिकार माल मारतोय, अशी त्यांची समजूत झाली. त्यांनी विचारलं, "हेच शिकवलं होतं का मी तुला?" मामांना खरं सांगता येईना आणि खोटं बोलवेना. त्या दिवसापासून आजोबांनी बोलणं टाकलं, आणि कारखान्यात पाऊलही ठेवलं नाही.

अठ्ठावीस विमानं उभी राहिली तेव्हा कॅप्टननी आपल्याच विमानातून माळाचे फोटो काढून घेतले. फोटो पाहून त्यांचा चेहरा पडला. विमानांचा आकार बरोबर, सावल्याही बरोबर, तरी भिंगाखाली धरताच सगळं खोटं वाटत होतं. का, ते कोणाला सांगता येईना. मामीने फोटो हातात घेऊन बराच वेळ पाहिले.

"अहो, इथे कोणी वावरतच नाही," ती मामांना म्हणाली. "माणसं राहतात तिथे वाटा पडतात. इथलं गवत बघा, पाहुण्यांच्या चादरीसारखं कोरं आहे."

मग सैनिकांनी रोज विमानं ढकलून जागा बदलायला सुरुवात केली. चाकांच्या खुणा उमटवल्या, जळकं तेल सांडलं, ट्रक फिरवले, दोरीवर शर्ट वाळत घातले. मामा लंगडत लंगडत एकाच वाटेने दिवसातून वीस खेपा घालत. पुढच्या फोटोंत माळ राबता दिसू लागला.

त्यानंतर नवव्या दिवशी सकाळी शत्रू आला. मामा, मामी आणि सैनिक खंदकात पालथे पडले. सगळं मिळून सात-आठ मिनिटं चाललं असेल, पण मामी म्हणायची की त्या वेळात तिने आयुष्यभराच्या सगळ्या चुका आठवून संपवल्या. धूर विरल्यावर ते बाहेर आले. कोणाला खरचटलंही नव्हतं. अठ्ठावीसपैकी एकोणीस विमानांचा चुरा झाला होता, आणि मामांनी सहा दिवस खपून केलेलं ते पहिलं विमान तर ओळखूही येत नव्हतं. मामा त्याच्याजवळ जाऊन बसले.

इतक्यात खऱ्या तळाच्या दिशेने घरघर ऐकू आली. आपली विमानं, एकामागून एक, सगळीच्या सगळी वर चढत होती. मामा ती मोजत उभे राहिले. शेवटचं दिसेनासं झाल्यावर शर्टाच्या बाहीने तोंड पुसून त्यांनी कॅप्टनना विचारलं, "फळ्या आजच येतील का? दहा दिवसांत एकोणीस उभी करतो."

शत्रू त्या माळावर आणखी तीनदा फसला. मग लढाईचं पारडं फिरलं, आणि एक दिवस ती संपली. गुपित पाळायची गरज उरली नाही, तरी मामांनी आजोबांना काही सांगितलं नाही. आता सांगितलं तर सारवासारव वाटेल, असं त्यांना वाटे. मामीने सांगू का म्हणून विचारलं, तर तिलाही नको म्हणाले.

सांगितलं ते एका वैमानिकाने. दोनेक महिन्यांनी तो पत्ता शोधत घरी आला. दार आजोबांनीच उघडलं. खोट्या विमानांचे मिस्त्री इथेच राहतात का, असं त्याने विचारलं, आणि म्हाताऱ्याला काहीच ठाऊक नाही हे पाहून ओट्यावरच बसून सगळी हकिगत सांगितली. त्या नवव्या दिवशी सकाळी तो आपल्या विमानात बसून इंजिन सुरू होण्याची वाट पाहत होता. बॉम्ब तिथे पडले असते तर आज तो दारात उभा नसता. आता त्याच्या घरी बाळ येणार होतं, आणि पाळणा मामांच्याच हातचा हवा होता.

आजोबा ऐकून घेत राहिले. मग आत येऊन मामांसमोर उभे राहिले. दीड वर्षाने पहिल्यांदा बोलले.

"खिळे किती लागायचे एका विमानाला?"

"दोनशेच्या वर," मामा खाली मान घालून म्हणाले.

"सरळ बसायचे का?"

"निम्मे."

आजोबा हसले. मामीच्या म्हणण्याप्रमाणे ते हसता हसता रडले, पण आजोबांनी हे कधी कबूल केलं नाही. त्यांनी वैमानिकाला आत बोलावलं, बाळाची तारीख विचारली आणि पाळण्याला कुठलं लाकूड घ्यायचं यावर मामांशी तिथल्या तिथे वाद घातला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मामा कारखान्यात पोचले, तेव्हा आजोबा आधीच येऊन पटाशीला धार लावत बसले होते.