सर्जेरावाची सहा पिंपं

बातमी सकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी आली. सांगलीच्या दवाखान्यातून प्रशांतचा फोन होता. "पप्पा गेलं," एवढंच तो म्हणाला. मी फोन ठेवला आणि माझ्या मनात पहिला विचार आला तो असा, की आता सुनंदाचं पोट उघडावं लागणार नाही. हे लिहायला मला पाच आठवडे लागले. पण सर्जेरावाबद्दल लिहायचं तर तिथूनच सुरुवात करावी लागेल, कारण शेवटच्या साडेपाच महिन्यांत त्याच्यामाझ्यात जे काही घडलं ते या एका गोष्टीभोवतीच घडलं.

सुनंदा माझी पत्नी. सर्जेराव तिचा थोरला भाऊ, प्रशांतचा बाप. बावीस वर्षं सैन्यात काढून हवालदार म्हणून तो शिराळ्याजवळच्या आपल्या गावी परतला. पलटणीत होता तोवर त्याचं पिणं मापात होतं. घरी आल्यावर माप सुटलं. तो कधी ओरडला नाही, कुणावर हात उगारला नाही. सोप्यात खाटेवर बसून शांतपणे प्यायचा, आणि त्याची बायको शालनवहिनी आतून भांड्यांचा आवाज जरा जास्त करायच्या, इतकंच. त्याला हौस होती द्राक्षबागेची. घरचा ऊस आणि भात सोडून मोटारसायकलवर तासगावच्या बाजूला जायचा, लोकांच्या बागा बघून यायचा आणि म्हणायचा, "आपल्याकडं पाऊस लय, दाजी. घड टिकायचा न्हाई. न्हाईतर मीबी लावली असती." गेल्या वर्षी त्याच्या पोटात पाणी झालं. सांगलीच्या डॉक्टरांनी सांगितलं, यकृत निकामी होत आलं आहे. सहा महिने एक थेंबही घेतला नाही तर पुण्याला पाठवतो, कुणाच्या यकृताचा तुकडा बसवता येईल का ते तिथं बघतील. प्रशांतचा रक्तगट जुळला नाही. सुनंदाचा जुळला. गाडीत बसताना ती मला म्हणाली, "मी देणार आहे. तुम्हाला विचारत नाही, सांगतेय."

मी एका सहकारी संस्थेत हिशेब तपासतो. कागदावर काय आहे आणि त्याला पुरावा काय, एवढं बघण्यात माझं आयुष्य गेलं. माझ्या बायकोच्या शरीराचा तुकडा एका दारूबाज माणसाला द्यायचा, तर तो माणूस पीत नाही याचा पुरावा मला हवा होता. म्हणून मी दर रविवारी मलकापूरहून त्याच्या गावी जायला लागलो. सगळे म्हणत, दाजी किती जीव लावतात. मी नजर ठेवायला जात होतो.

दीडेक महिन्यानं, औषधाच्या डब्याखाली मला एक वही सापडली. दुसऱ्याची वही समोर आली की ती उघडायची हा माझा धंद्याचा दोष. आत सर्जेरावाचं ठसठशीत अक्षर होतं. 'द्राक्ष बारा पाट्या. पिंपं सहा भरली. चार मंगळवारी उपसायची. दारूचा भाव चांगला.' मी ती वही घेऊन सोप्यात आलो. सुनंदा आणि शालनवहिनी मटकी निवडत बसल्या होत्या. मी त्यांच्यासमोरच विचारलं, "सर्जेराव, हे काय आहे?"

"दारूचा हिशेब हाय," तो म्हणाला.

"कुठं गाळतोस?"

"आत. टेबलावर."

सुनंदाच्या हातातलं ताट तसंच राहिलं. सर्जेराव सावकाश उठला, आत गेला आणि प्रशांतचा जुना लॅपटॉप घेऊन आला. तो उघडून त्यानं माझ्यापुढं ठेवला. पडद्यावर चिमुकलं शेत होतं, मांडवावर चढलेले द्राक्षवेल होते, कोंबड्या होत्या आणि निळी टोपी घातलेला एक बोटभर माणूस उभा होता. "ही माझी भट्टी," तो म्हणाला. "पोलिसांस्नी कळवायचं आसंल तर कळवा." आधी सुनंदा हसली, मग वहिनी. मला हसू आलं नाही. तोही हसला नव्हता.

तो शेतीचा खेळ होता. प्रशांतनं कॉलेजात असताना दोन वर्षं खेळून ते शेत उभं केलं होतं आणि नोकरीसाठी पुण्याला गेल्यावर सोडून दिलं होतं. आजारपणात खाटेवर पडून काय करायचं म्हणून सर्जेरावानं ते हाती घेतलं आणि पहिल्याच आठवड्यात तिथला भुईमूग काढून द्राक्षं लावली. तिथं पाऊस घड खराब करत नाही. मला लाज वाटत होती. काहीतरी करायचं म्हणून मी वहीतल्या बेरजा तपासायला घेतल्या. दोन चुका निघाल्या. त्या मी दाखवल्या तेव्हा तो म्हणाला, "मग आता तुमीच लिवत जावा की."

त्या दिवसापासून रोज संध्याकाळी साडेसहाला त्याचा फोन यायचा. "घ्या दाजी, लिवून घ्या." खेळातला एक दिवस आपल्या पंधरा मिनिटांत संपतो. प्रशांत म्हणे एका बैठकीत महिना उरकायचा. सर्जेरावाचा नियम वेगळा होता. आपला एक दिवस गेला की तिथला एकच दिवस घालवायचा, जास्त नाही. मी मलकापुरात जेवणाच्या टेबलाशी वही घेऊन बसायचो आणि तो आकडे सांगायचा. लवकरच मला त्या धंद्याचं गणित कळलं. द्राक्षाच्या पाटीला ऐंशी मोहरा मिळत. तिचा मुरंबा केला तर दोनशे. पिंपात घालून आठवड्यानं वाइन काढली तर दोनशे चाळीस. आणि तीच वाइन तळघरात छप्पन्न दिवस मुरू दिली तर दुप्पट, चारशे ऐंशी. खेळातले लोक तिला वाइन म्हणत, सर्जेराव दारूच म्हणायचा. "बाटलीवरचं नाव बदलून पोटात फरक पडत न्हाई," म्हणायचा. तळघरातली सहा पिंपं त्यानं मुरायला ठेवलेली होती. मी त्याला आकडेमोड करून दाखवली. छप्पन्न दिवसांत एक पिंप आठ वेळा भरता येतं. दर वेळी द्राक्षाचे ऐंशी वजा जाता एकशे साठ सुटतात, म्हणजे बाराशे ऐंशी. मुरत ठेवून जास्तीचे मिळतात दोनशे चाळीस. धडधडीत तोटा.

मग तो म्हणाला, "हिशेब बरोबर हाय तुमचा. वरची बारा पिंपं तुमच्या हिशेबानं चालवू. खालच्या सहांचं बोलू नका."

"पण का?"

"रोज येकदा तळघरात उतरायचं, भरल्या पिंपापाशी हुबं ऱ्हायचं, आन् हात न लावता वर यायचं... त्येवढंच काम हाय तितं मला."

मी वहीत त्या सहा पिंपांपुढं तोटा लिहिला आणि खाली रेघ मारली. आज ते पान बघतो तेव्हा वाटतं, त्या माणसानं मला हवा असलेला पुरावाच त्या दिवशी दिला होता. माझ्याकडं तो लिहायला रकाना नव्हता.

अडीच महिन्यांनी त्याची मोटारसायकल पुन्हा सुरू झाली. पाय बारीक झाले होते, पण चेहऱ्यावरचा पिवळा रंग जरा उतरला होता. एका रविवारी मला मागं बसवून तो एका ओळखीच्या बागेत घेऊन गेला. बागवाल्याशी खुडणीची चर्चा करताना म्हणाला, "माझ्याकडं बारा पिंपं आठवड्याला हुतात." बागवाल्यानं माझ्याकडं बघितलं. मी मान हलवली. परतताना तो वाऱ्यावर ओरडून म्हणाला, "दाजी, सुनंदीला दुखंल का वो लय?" मी म्हणालो, डॉक्टर म्हणतात महिन्याभरात बाई उठून कामाला लागते. "डॉक्टरास्नी भईन हाय का?" त्यानं विचारलं.

सहावा महिना अर्धा व्हायच्या आत त्याला ताप आला. पोटातल्या पाण्यात जंतू झाले होते. सांगलीला दाखल केलं तेव्हा दारू सोडल्याचा त्याचा एकशे चौसष्टावा दिवस होता. माझ्या वहीत आकडा होता. डॉक्टर खाटेपाशी आले. पुण्याशी बोलून बघतो म्हणाले आणि फाइल उघडून त्यांनी विचारलं, "दारू नक्की बंद आहे ना?" प्रशांत माझ्याकडं बघायला लागला. सुनंदाही. हिशेब माझ्याकडं असतो हे सगळ्यांना ठाऊक होतं. मी म्हणालो, "माझ्या माहितीप्रमाणे, हो."

अहवालावर सही करताना आम्ही हे शब्द वापरतो. उद्या काही निघालं तर आपल्यावर येऊ नये म्हणून. डॉक्टरांनी मान हलवली आणि ते पुढच्या खाटेकडं गेले. सर्जेरावाचे डोळे मिटलेले होते, मला वाटलं त्याला झोप लागली आहे. थोड्या वेळानं तो डोळे न उघडता म्हणाला, "दाजी, सही लय जपून करता तुमी." मी त्याच्या पायांवरची चादर सारखी केली. मी त्याच वेळी डॉक्टरांच्या मागं जाऊन बोलायला हवं होतं... चौथ्या दिवशी पहाटे तो गेला.

कागदपत्रं आणायला मी पंधरा दिवसांनी पुन्हा सांगलीला गेलो. डॉक्टरांना म्हणालो, "त्या दिवशी मी जे सांगितलं ते दुरुस्त करायचं आहे. त्यानं एकशे सदुसष्ट दिवसांत थेंब घेतला नव्हता." डॉक्टर तरुण आहेत, भले आहेत. त्यांनी मला पाणी दिलं आणि म्हणाले, "आम्हाला रक्तावरून कळतं हो. ते पीत नव्हते हे मला माहीत होतं. तुम्हाला विचारलं ते आपलं रिवाज म्हणून." म्हणजे माझ्या उत्तरानं उपचारात काही फरक पडला नव्हता. ते उत्तर फक्त एकाच माणसापर्यंत पोचलं होतं.

गेल्या रविवारी गावी गेलो. कोपऱ्यावरच्या दुकानात बसलेला एक जण मला ऐकू जाईल असं म्हणाला, "दारूनंच खाल्ला बिचाऱ्याला." मी थांबलो आणि त्याला दिवसांचा आकडा सांगितला. तो म्हणाला, "आसंल की, आमी कुटं न्हाई म्हणतोय." घरी येऊन मी शालनवहिनींना दवाखान्यातली हकिगत सांगितली, मी काय बोललो आणि सर्जेराव काय म्हणाला ते सगळं. त्यांनी चहाचा कप माझ्यापुढं ठेवला.

"तुमी येकलंच न्हवता दाजी," त्या म्हणाल्या. "रोज दिवा लावला की मी त्यांचा मफलर नीट करायला वाकायची. मफलर आपलं निमित्त. मी तोंडाचा वास घ्यायची. पंधरा वर्सं घेतलेला वास, येकदम इस्वास कसा ठेवायचा? आठ दिवसांत त्यांच्या ध्यानात आलं आसंल. मग मी वाकले की आपणच तोंड फुडं करायचे, आन् हळू श्वास सोडायचे. रोज. कवा चिडले न्हाईत, कवा बोलले न्हाईत. दवाखान्यातबी... शेवटच्या सांच्याला अंगात ताकद न्हवती, तरी मान वळवली माझ्याकडं."

मी विचारलं, "आणि?"

"औषधाचा वास यायचा. दुसरं काय न्हाई."

बाहेर अंधारून आलं तशा त्या उठल्या. देवापाशी दिवा लावला आणि सोप्यात आल्या. खाटेवर मफलर घडी करून ठेवलेला होता. खाटेपाशी जाऊन त्या सवयीनं किंचित वाकल्या. तशाच क्षणभर थांबल्या, मग सरळ झाल्या आणि भाकरी थापायला आत गेल्या.