शेजाऱ्यांचा रोमन रस्ता

सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला आम्ही लंडनच्या कडेला स्टॅनमोरला घर घेतलं, तेव्हा एजंटने दोन गोष्टी कौतुकाने सांगितल्या. ट्यूब स्टेशन जवळ आहे आणि वॉटलिंग स्ट्रीटही लांब नाही. वॉटलिंग स्ट्रीट म्हणजे रोमनांनी बांधलेला रस्ता. लंडनहून निघतो तो नाकासमोर चालत राहतो. दोन हजार वर्षांपूर्वी त्यावरून फौजा गेल्या. आमच्या वेळी बस जायची, तीही लहर आली तर.

शेजारी एक निवृत्त इन्शुरन्स क्लार्क राहत. पत्नी वारलेली, मूलबाळ नाही. आम्ही राहायला आलो त्या दिवशी अख्ख्या गल्लीत तेवढे एकटेच, हातात रूबार्बच्या आंबट, लाल देठांची जुडी घेऊन, दारात आले. फोडणीच्या वासाबद्दल त्यांनी कधी चकार शब्द काढला नाही. त्यांना एकच वेड होतं. टेकडीवर रोमन कुंभारांच्या भट्ट्या होत्या, तिकडे जाणारा वॉटलिंग स्ट्रीटचा एक फाटा आपल्या परसबागेतून गेलाय, अशी त्यांची खात्री होती. वीस वर्षं ते हे तिथल्या इतिहास मंडळाला सांगत होते आणि वीस वर्षं मंडळ त्यांना चहा पाजून घरी पाठवत होतं.

त्या उन्हाळ्यात माझे सासरे साताऱ्याहून आमच्याकडे राहायला आले. जन्मभर पी.डब्ल्यू.डी.त ओव्हरसियर. रस्त्याचं काम झालं की थराची जाडी मोजून मेजरमेंट बुकात सही करायची, हे त्यांचं काम. कंत्राटदार सहा इंच खडी घालून नऊ लिहा म्हणायचा, सासरे सहाच लिहायचे, आणि महिन्याभरात बदलीचा कागद यायचा. गावात त्यांचा सत्कार झाला होता. घरात मात्र त्या सत्काराचा फोटोसुद्धा कुणी लावला नाही. "माझ्या सात शाळा झाल्या," हे माझे डॉक्टर पती लग्न ठरवायला आले तेव्हाच म्हणाले होते, आणि पुढेही कुठल्याही वादात ते वाक्य हमखास यायचं.

सासऱ्यांनी वॉटलिंग स्ट्रीट पाहिला, बुटाच्या टाचेने ठोकला आणि चढाला नापसंती दर्शवली. शेजारी खूश झाले. या माणसाला रस्त्यातलं कळतं!

"रोमनांनी आमच्यावर जवळजवळ चारशे वर्षं राज्य केलं," ते अभिमानाने म्हणाले. "रस्ते दिले, न्हाणीघरं दिली, कायदा दिला."

"आणि मग का गेले?" सासऱ्यांनी विचारलं.

"त्यांच्या घरीच अडचण झाली."

"हो, तसंच होतं," सासरे म्हणाले. "आमच्याकडचेही तसेच गेले."

शेजारी मान डोलवत राहिले. आमच्याकडचे म्हणजे कोण, हे त्यांच्या लक्षात आलं असावं असं मला वाटत नाही.

मग एका शुक्रवारी कुंपणापलीकडून हाक आली. रूबार्बच्या वाफ्याखाली दगड लागला होता. त्यांनी चर खणला होता, छातीइतका खोल, त्या वयात. दुसऱ्या दिवशी मंडळाची माणसं पाहायला येणार होती, आणि त्याआधी शेजाऱ्यांना आपण काढलेल्या चराच्या आराखड्यावर सासऱ्यांची सही हवी होती. रस्त्याच्या इंजिनिअरने पाहून खात्री केली, एवढंच. हात मातीने भरलेले, आणि डोळे पाण्याने. मला त्यांची दया आली.

सासरे जुलैतही माकडटोपी घालत. ती सावरत ते चरात उतरले. मी वर उभी होते. खाली मोठे दगड, वर बारीक, त्यावर मुरमासारखी माती. सासऱ्यांनी दगडांवरून हात फिरवला. "सोलिंग उत्तम आहे, खालचा दगडांचा थर," ते म्हणाले, आणि ते खरंच होतं. मग त्यांनी अगदी तळाचा एक दगड हलवला, त्याखाली बोटं घातली आणि काहीतरी काढलं. तपकिरी, चकचकीत. क्षणभर त्यांनी ते पाहिलं आणि कोटाच्या खिशात टाकलं. शेजारी तेव्हा पेन शोधत होते.

सासरे वर आले, चष्मा पुसला आणि सही केली. हुद्द्यासकट, तारीख घालून.

घरी येऊन त्यांनी तो तुकडा ओट्यावर ठेवला. भाजलेल्या मातीच्या ड्रेनपाइपचा होता. असलाच पाइप आमच्या घराच्या मागे जमिनीखालून जात होता. दगडांच्याही खाली तो सापडला, म्हणजे वरचा सगळा डोलारा फार तर शंभर वर्षांचा. कुणाच्या तरी सांडपाण्याचा शोषखड्डा.

संध्याकाळी हे हॉस्पिटलमधून आले. मी सांगितलं. सांगायला नको होतं.

"बाबा, यू साइन्ड इट?" ह्यांचा आवाज चढला. "तुम्हाला माहीत होतं आणि तरी साइन केलंत? आमच्यासाठी एकदा, जस्ट वन्स, सहाचे नऊ लिहिले असतेत तर? सात शाळा झाल्या माझ्या. दर वेळी नवा वर्ग, नवी पोरं, शेवटचा बाक. आणि इथे एका इंग्रजाच्या रूबार्बसाठी तुमची सही!"

मला वाटलं, आता सासरे उठून बॅग भरायला घेतील. त्यांनी चहाचा कप बशीत ठेवला.

"त्या रस्त्यांवरून माणसं जायची होती," ते म्हणाले. "बैलगाड्या, एस.टी., बाळंतिणी. खडी कमी पडली की पहिल्या पावसात रस्ता वाहून जातो. ह्या रस्त्यावरून कोण जाणार आहे?"

ह्यांनी टाय सोडून खुर्चीच्या पाठीवर टाकला.

"आणि सात नाही," सासरे म्हणाले. "आठ."

"सात, बाबा. मला पाठ आहेत."

"जत, मेढा, पाटण, शिराळा, विटा, दहिवडी, वडूज." त्यांनी बोटं दुमडत मोजली आणि आठवं बोट तसंच धरून ठेवलं. "शिराळ्यानंतर आटपाडी. तू तिथे सव्वीस दिवस होतास. तापाने फणफणला होतास, म्हणून तुला आठवत नाही. शाळेत नाव घातलं होतं. मी रोज संध्याकाळी गुरुजींकडे जाऊन तुझा अभ्यास लिहून आणायचो."

हे खुर्चीत बसले. ओट्यावरचा पाइपचा तुकडा उचलून बराच वेळ हातात फिरवत राहिले.

दुसऱ्या दिवशी मंडळाची माणसं आली, तेव्हा चरापाशी सासऱ्यांच्या शेजारी हे उभे होते. कुणीतरी विचारलं, इंजिनिअर साहेबांची नक्की खात्री आहे ना?

"माझ्या वडिलांनी सही केली आहे," हे म्हणाले. "ते उगाच करत नाहीत."